‘मेमो’ आला म्हणजे नेमकं काय आलं?

पत्राचा सारांश : कोल्हापुरात केंद्र सरकारच्या एका कार्यालयात लिपिक असलेला २९ वर्षांचा तरुण. कर्मचारी निवड आयोगाच्या परीक्षेतून लागला. २ वर्षांचं प्रोबेशन गेल्या जूनमध्ये संपलं. बरोबर लागलेल्या तिघांना दिवाळीच्या आधी कायम केल्याचे आदेश मिळाले, याला मिळाला नाही. लागल्यावर ५ महिन्यांनी त्याच्याकडे भांडाराचा चार्ज आला होता. निवृत्त होणाऱ्या ज्येष्ठ सहकाऱ्याकडून त्याने एका दुपारी यादीवर सही करून तो घेतला. पुढे पडताळणीत २ लॅपटॉप आणि काही बॅटऱ्या कमी निघाल्या. पुस्तकी किंमत ३८,४०० रुपये. आधी खुलासा मागणारा मेमो आला, त्याला त्याने उत्तर दिलं. दिवाळीनंतर ‘चार कागद जोडलेला मोठा मेमो’ आला. वरिष्ठ म्हणतात, ‘पैसे भर, चूक झाली असं लिहून दे, विषय संपव.’ खासगी अनुदानित शाळेत शिक्षक असलेले चुलते म्हणतात, ‘दोन वर्षं झाली की माणूस आपोआप कायम होतो, सरळ कोर्टात जा.’ मित्र म्हणतो, राजीनामा दे. घरी त्याने सांगून ठेवलंय की ऑर्डर मुंबईहून यायची आहे. लग्नाची बोलणी चालू आहेत आणि मुलीकडच्यांनी एकच गोष्ट विचारली आहे : नोकरी पक्की आहे ना? पत्राच्या शेवटी तो विचारतो, ‘ऑफिसनं मला चोर ठरवलंच आहे, तर आता लढून काय उपयोग?’

तुमचं पत्र मिळालं त्याच संध्याकाळी मी तुम्हाला दोन ओळी कळवल्या होत्या : बाकी सगळं राहू दे, मोठ्या मेमोला मुदतीत लेखी उत्तर द्या. ते दिल्याचं तुम्ही कळवलंत, म्हणून आता निवांत बोलता येईल.

मी ३२ वर्षं सरकारी कार्यालयात काढली, त्यातली बरीचशी आस्थापना शाखेत. सेवापुस्तकं, प्रोबेशनच्या फायली, चौकशीची प्रकरणं यांतच माझी दुपार व्हायची. त्या अनुभवावरून सांगते, तुमच्या पत्रातला सगळ्यात घातकी शब्द ‘चोर’ नाही. ‘मेमो’ आहे.

आपल्या कार्यालयांत उशिरा आलात तरी मेमो, माहिती वेळेत दिली नाही तरी मेमो, साहेबांनी रजेचं कारण विचारलं तरी मेमो, आणि खातेनिहाय चौकशी सुरू झाली तरी मेमोच. एकाच शब्दात आपण सगळं कोंबतो आणि मग स्वतःच्याच प्रकरणात आपण कुठे उभे आहोत हे कळेनासं होतं. तुम्ही लिहिता, ‘मे महिन्यापासून माझ्यावर चौकशी चालू आहे.’ तशी ती नव्हती. मे महिन्यात तुम्हाला आलं ते खुलासा मागणारं पत्र. कार्यालयाला काहीतरी कमी दिसलं आणि त्यांनी तुम्हाला विचारलं, एवढाच त्याचा अर्थ. दिवाळीनंतर आलं ते दोषारोपपत्र. त्याला चार जोडपत्रं असतात : पहिल्यात आरोप, दुसऱ्यात त्या आरोपांचा तपशील, तिसऱ्यात कागदपत्रांची यादी, चौथ्यात साक्षीदारांची. केंद्राच्या १९६५ च्या वर्गीकरण, नियंत्रण व अपील नियमांतल्या नियम १४ खाली, म्हणजे मोठ्या शिक्षेच्या चौकशीसाठी, ते निघतं. नियम १६ खालचं पत्र वेगळं असतं, ते किरकोळ शिक्षेसाठी. तुमच्या कागदाच्या पहिल्याच परिच्छेदात नियमाचा आकडा असेल, तो स्वतः वाचून खात्री करून घ्या.

हा फरक मी एवढा ताणून सांगते आहे, कारण कायम होण्याचा तुमचा सगळा प्रश्न दोन तारखांवर टांगलेला आहे. एक, तुमच्या तुकडीच्या फायली ज्या दिवशी कुणाला कायम करायचं ते पाहणाऱ्या खात्याच्या समितीपुढे गेल्या ती तारीख. दुसरी, दोषारोपपत्र ज्या दिवशी निघालं ती तारीख.

१९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने जानकीरामन प्रकरणात हा मुद्दा निकाली काढला. नुसती तक्रार आहे, प्राथमिक चौकशी चालू आहे, खुलासा मागवला आहे, एवढ्यावर शिस्तभंगाची कारवाई ‘प्रलंबित’ म्हणता येत नाही. ती सुरू होते दोषारोपपत्र निघाल्यावर. त्यानंतर केंद्राने १४ सप्टेंबर १९९२ ला जो आदेश काढला त्यात तीनच परिस्थिती सांगितल्या आहेत : कर्मचारी निलंबित आहे, दोषारोपपत्र निघून चौकशी प्रलंबित आहे, किंवा फौजदारी आरोपावरून न्यायालयात खटला चालू आहे. या तिन्हीपैकी काही असेल तर समितीने त्या माणसाचा विचार बाकीच्यांसारखाच करायचा, पण निष्कर्ष मोहोरबंद पाकिटात ठेवायचा. हा आदेश लोकांना पदोन्नतीसाठी म्हणून माहीत आहे. कायम करण्याच्या प्रकरणांनाही तीच पद्धत लावायची हेही त्यातच लिहिलं आहे.

पाकीट हा शब्द नीट लक्षात घ्या. समितीने तुम्हाला नाकारलं असा त्याचा अर्थ होत नाही. मत लिहून झालेलं असतं, फक्त ते बंद असतं. चौकशीतून निर्दोष सुटलात तर पाकीट फोडतात, आणि आत ‘योग्य’ लिहिलेलं असेल तर तुमच्या मूळ तारखेपासून तुम्हाला कायम करतात. शिक्षा झाली तर त्या पाकिटातल्या मतावर कारवाई होत नाही आणि पुढच्या समितीपुढे नव्याने विचार होतो. दर ६ महिन्यांनी अशा प्रकरणांचा आढावा घ्यायचा असंही त्या आदेशात आहे. तो होतोच असं नाही, पण व्हायला हवा, आणि त्याबद्दल तुम्हाला विचारता येतं.

आता तुमचं. बाकीच्या तिघांचे आदेश दिवाळीच्या आधी निघाले म्हणजे समिती त्याच्याही आधी बसली असणार. त्या दिवशी तुम्ही निलंबित नव्हता, खटला नव्हता, दोषारोपपत्रही नव्हतं. मग तुमचं नाव समितीपुढे गेलं होतं का? गेलं असेल तर समितीने काय लिहिलं? नेलंच नसेल तर कोणत्या कारणाने? हे तुम्हाला माहीत नाही, आणि तुमच्या पत्रावरून दिसतं की तुम्ही कुणाला विचारलेलंही नाही. सहा महिने तुम्ही तर्क करत बसलात आणि प्रत्येक तर्कात स्वतःला थोडं आणखी दोषी ठरवत गेलात.

एक कटू गोष्टही आत्ताच सांगून टाकते, म्हणजे नंतर कुणी सांगितली तर धक्का बसणार नाही. समितीने तुमची शिफारस केली होती आणि आदेश निघायच्या आधी दोषारोपपत्र निघालं, असं झालं असेल, तर १९९२ चाच आदेश सांगतो की ती शिफारस पाकिटात गेल्यासारखीच धरायची. म्हणजे ‘तेव्हा दोषारोपपत्र नव्हतं, उद्याच्या उद्या मला कायम करा’ हा मुद्दा दिसतो तेवढा सरळ नाही. मात्र नुसत्या खुलाशाच्या पत्रावरून तुमचं नाव समितीपुढे नेलंच नसेल, तर तुमची बाजू भक्कम आहे. दोन्हींतलं काय घडलं हे कागदावर आल्याशिवाय पुढचं पाऊल टाकू नका.

ते कागदावर आणायचं कसं? कार्यालयप्रमुखांना साधा अर्ज द्या. भाषा नरम ठेवा, कुणावर ठपका नको. ‘माझा परिवीक्षा कालावधी अमुक तारखेस पूर्ण झाला आहे. मला कायम करण्याबाबत अथवा कालावधी वाढवण्याबाबत कोणताही आदेश मला मिळालेला नाही. याबाबत झालेला निर्णय कृपया लेखी कळवावा.’ बस्स, एवढंच. २१ जुलै २०१४ च्या केंद्राच्या एकत्रित सूचनांमध्ये म्हटलं आहे की प्रोबेशन संपल्यावर ६ ते ८ आठवड्यांत निर्णय व्हावा, आणि कालावधी वाढवायचा असेल तर कारणांसह कर्मचाऱ्याला लेखी कळवावं. एरवी एका वर्षापेक्षा जास्त वाढवू नये आणि कोणत्याही परिस्थितीत मूळ कालावधीच्या दुपटीपलीकडे कुणाला प्रोबेशनवर ठेवू नये, असंही त्यात आहे. तेव्हा तुम्ही कुणाची मेहेरबानी मागत नाही आहात. अर्जाची एक प्रत आवक शिक्का मारून स्वतःकडे ठेवा. महिनाभरात उत्तर आलं नाही तर माहितीच्या अधिकारात तुमच्या स्वतःच्या प्रकरणाची टिपणी मागा. आधी अर्ज, मग माहितीचा अधिकार. क्रम उलटा केलात तर कार्यालयात उगाच तेढ वाढते आणि काम तेवढंच होतं.

तुमच्या चुलत्यांबद्दल. ते चुकीचं सांगत नाहीत, ते त्यांचं सांगताहेत. खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्राचा १९७७ चा वेगळा कायदा आहे. त्यात कायम पदावर रीतसर नेमणूक झालेल्या माणसाचा परिवीक्षा कालावधी पूर्ण झाला की तो कायम झाला असं मानलं जातं, अशी तरतूद कलम ५ मध्येच लिहिलेली आहे. चुलत्यांनी ते स्वतः अनुभवलं असेल, म्हणून ते ठामपणे सांगतात. तुमच्या सेवेत तसं नाही. प्रोबेशनची मुदत उलटली आणि आदेश निघाला नाही, तर माणूस सहसा प्रोबेशनवरच आहे असं न्यायालयं मानतात. नियमातच कमाल मर्यादा घातलेली असेल आणि ती उलटून गेली असेल, तर मात्र निराळं. १९६८ च्या धरमसिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पंजाबमधल्या शिक्षकांच्या बाजूने निकाल दिला तो त्या कारणाने. तुमच्या भरती नियमांत काय आहे ते काढून वाचा. नेमणुकीच्या पत्रावर विसंबू नका, त्यात बऱ्याचदा अर्धंच असतं.

कोर्टाचंही तसंच. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सीपीआर रुग्णालयासमोर उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं. किती वर्षांच्या आंदोलनानंतर ते आलं हे आपल्या जिल्ह्याला सांगायला नको, त्यामुळे आता घरातलं कुठलंही प्रकरण असो, ‘बेंचला जाऊया की’ हे सहज तोंडी येतं. पण केंद्र सरकारच्या नागरी कर्मचाऱ्याने सेवेच्या बाबतीत पहिल्यांदा जायचं ते केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे तुमच्यासाठी मुंबई खंडपीठात. उच्च न्यायालय त्याच्यानंतर. न्यायाधिकरणातही आधी खात्यातले मार्ग संपवावे लागतात, आणि अंतिम आदेशापासून साधारण एका वर्षाच्या आत जावं लागतं. आज तुमच्या हातात आव्हान द्यायला आदेशच नाही. महालक्ष्मी एक्सप्रेसचं तिकीट काढायची वेळ अजून आलेली नाही. कदाचित येणारही नाही.

वरिष्ठांच्या सल्ल्यावर मला जरा जास्त बोलायचं आहे, कारण तो प्रेमाने दिलेला असतो आणि म्हणूनच माणसं फसतात. ‘पैसे भर, विषय संपव.’ तुमचे साहेब वाईट हेतूने सांगत असतील असं मला वाटत नाही. त्यांना फाईल बंद झालेली हवी आहे. पण विचार करा. दोषारोपपत्र निघालं आहे, ते पैसे भरल्याने मागे जात नाही. तुम्ही आपणहून ३८,४०० रुपये भरलेत आणि सोबत ‘माझी चूक झाली, क्षमा असावी’ असं लिहिलंत, तर चौकशी अधिकाऱ्यापुढे तो कबुलीजबाब म्हणून जाईल. शिवाय निष्काळजीपणामुळे झालेलं नुकसान पगारातून वसूल करणं ही नियमांत स्वतंत्र शिक्षा आहे, किरकोळ असली तरी शिक्षाच. चौकशीशिवाय ती तुम्ही स्वतःच स्वतःला का करून घ्यायची?

आता आरोप काढा आणि एक शब्द शोधा. १९६४ च्या वर्तणूक नियमांतला नियम ३, पोटनियम १. त्यात पहिली बाब सचोटीची, दुसरी कर्तव्यनिष्ठेची, तिसरी सरकारी कर्मचाऱ्याला न शोभणाऱ्या वर्तनाची. दोषारोपपत्र लिहिणारे पुष्कळदा तिन्ही बाबी एका दमात लिहून टाकतात, कारण जुना नमुना समोर असतो आणि तोच उतरवला जातो. मी स्वतः तसे मसुदे समोर आलेले पाहिले आहेत, आणि परतही पाठवले आहेत. तुमच्यावर खरा आरोप काय होऊ शकतो? न मोजता सही केली. तो कर्तव्यनिष्ठेचा प्रश्न आहे. वस्तू तुम्ही नेल्या असं कुणी म्हणतंय का? तसं असेल तर त्याला पुरावा लागतो. पत्रात तुम्ही स्वतःच स्वतःला चोर म्हणता. दोषारोपपत्राच्या तपशिलात तो अर्थ कुठे आहे ते मला दाखवा. बचावाच्या निवेदनात या दोन गोष्टी वेगळ्या करा. सही माझी आहे, हे नाकारू नका. खोटं बोललात तर तेवढ्यावर सगळं कोसळेल. पण सही केली म्हणजे वस्तू त्या दिवशी जागेवर होत्या, हे मात्र त्यावरून सिद्ध होत नाही.

चार्जच्या यादीचा तो शेवटचा कागद मला न बघताही दिसतो. खाली डावीकडे ‘कार्यभार देणार’, उजवीकडे ‘कार्यभार घेणार’, आणि वर आधीच टाईप केलेली ओळ : ‘वरील सर्व साहित्य प्रत्यक्ष मोजून ताब्यात घेतले.’ निरोप समारंभाला तासभर राहिलेला, मंडळी हार घेऊन उभी, निवृत्त होणाऱ्याच्या डोळ्यात पाणी, आणि नवीन पोराने ‘थांबा, आधी बॅटऱ्या मोजतो’ म्हणायचं? नाही म्हणवत. मी एका मुलाला मात्र पाहिलं होतं. त्याने सही केली आणि सहीच्या बाजूला बारीक अक्षरात लिहिलं, ‘मोजणी बाकी, ८ दिवसांत करतो.’ आठव्या दिवशी मोजून कमी निघालेल्या वस्तूंचं टिपण त्याने दिलं. त्या पाच शब्दांमुळे त्याच्यावर काहीही आलं नाही. चार्ज घेणाऱ्या प्रत्येकाने, शाळेतला पोषण आहाराचा तांदूळ असो की दवाखान्यातली औषधं, ही सवय लावून घ्यावी म्हणून हे इथे लिहिते आहे.

तुम्ही ते लिहिलं नाहीत. मग आता आधार कुठे शोधायचा? मागच्या वर्षांत. केंद्राच्या २०१७ च्या सर्वसाधारण वित्तीय नियमांत नियम २१३ आहे. त्यानुसार साठ्याची प्रत्यक्ष पडताळणी वर्षातून किमान एकदा व्हायलाच हवी. तुम्ही चार्ज घेतलात त्याच्या आधीच्या ३ वर्षांचे पडताळणी अहवाल मागा. ते असतील तर २ लॅपटॉप शेवटचे कधी डोळ्यांनी पाहिले गेले ते कळेल. अहवालच नसतील, तर वस्तू तुमच्या आधीच गेल्या नव्हत्या असं कार्यालय कशाच्या जोरावर म्हणणार? त्याबरोबर साठा नोंदवहीची ती पानं, लॅपटॉप कुणाला वापरायला दिले त्याच्या पावत्या, दुरुस्तीला पाठवल्याच्या नोंदी, आणि निवृत्त झालेल्या सहकाऱ्याला दिलेलं ना-देय प्रमाणपत्र मागा. शेवटचा कागद विसरू नका. त्यांच्याकडे काही बाकी नाही असं कार्यालयाने कशावरून ठरवलं, हा प्रश्न चौकशीत विचारण्यासारखा आहे.

त्या सहकाऱ्यांबद्दल तुम्ही पत्रात जे लिहिलंत ते मी सारांशात घेतलं नाही. तुम्हाला वाटतं त्यांनीच वस्तू नेल्या. असेलही, नसेलही. पण तुमच्यावर पुराव्याशिवाय ठपका आला म्हणून तुम्ही इतके दिवस झोपला नाहीत. तोच ठपका तुम्ही दुसऱ्यावर पुराव्याशिवाय ठेवू नका. कागद मागा, कागद बोलतील. लॅपटॉप दुरुस्तीला गेला आणि तिथेच राहिला, असं मी एकदा नाही, तीनदा पाहिलं आहे.

चौकशीत तुम्हाला बचाव सहायक घेता येतो, सेवेतला किंवा निवृत्त सरकारी कर्मचारी. खात्याच्या बाजूने कायदेतज्ज्ञ सादरकर्ता नसेल तर वकील सहसा नेता येत नाही, त्यामुळे सहायक निवडताना ओळखीपेक्षा त्याने आधी किती चौकश्या लढवल्या ते विचारा. चौकशी अधिकाऱ्याने ६ महिन्यांत काम संपवावं अशी तरतूद २०१७ च्या दुरुस्तीने नियम १४ मध्ये आली आहे. मुदतवाढ लागली तर कारण नोंदवावं लागतं. २०१५ साली प्रेमनाथ बाली प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेही ६ महिने, फार तर एक वर्ष, असं म्हटलं. म्हणून तुम्ही स्वतः तारखा मागून घेऊ नका. लांबवलेल्या चौकशीत नुकसान फक्त तुमचं, कारण पाकीट तुमचं बंद आहे. आणि अहवालाची प्रत तुम्हाला मिळायलाच हवी, त्यावर म्हणणं मांडायची संधीही. ते १९९३ पासून ठरलेलं आहे.

‘नोकरी जाणार का?’ हे तुम्ही विचारलंत. प्रोबेशनवरच्या माणसाला काम समाधानकारक नाही म्हणून साध्या आदेशाने कमी करता येतं, हे खरं आहे. पण एखाद्या गैरवर्तनाचा ठपका हाच त्या आदेशाचा पाया असेल, तर संविधानाच्या कलम ३११ प्रमाणे चौकशी केल्याशिवाय तसं करता येत नाही. १९७४ च्या समशेरसिंग निकालापासून न्यायालयं हेच सांगत आली आहेत, आदेशाची भाषा कितीही साधी असली तरी. त्या अर्थाने, दोषारोपपत्र आलं ही तुमच्यासाठी निव्वळ वाईट बातमी नाही. खात्याने तुमचं म्हणणं ऐकायचा रस्ता धरला आहे. पुढे काय होईल ते मी सांगू शकत नाही. पण लिपिकाच्या पहिल्याच चुकीत, फायदा घेतल्याचा पुरावा नसताना, टोकाची शिक्षा झालेली मी माझ्या टेबलावर पाहिली नाही. ठपका ठेवणं, वेतनवाढ रोखणं, वसुली, इथवर प्रकरणं थांबलेली पाहिली आहेत. आणि त्यातली माणसं नंतर कायम झाली, वर चढली, सन्मानाने निवृत्त झाली.

राजीनाम्याबद्दल थोडक्यात. तो देणं तुमच्या हातात आहे, स्वीकारणं नाही. चौकशी प्रलंबित असताना सक्षम अधिकारी तो रोखून ठेवू शकतात. दुसऱ्या परीक्षेचे अर्ज खात्यामार्फत पाठवायचेत म्हणता, पण दोषारोपपत्र असताना ते सहसा पुढे जात नाहीत. आणि पुढच्या नोकरीच्या फॉर्मवर ‘आपल्यावर शिस्तभंगाची कारवाई झाली आहे का’ हा रकाना असतोच. राजीनामा देऊन तुम्ही या प्रश्नापासून सुटत नाही. त्याचं उत्तर देण्याची जागा तेवढी सोडून देता.

तुमच्यासारखीच पत्रं मला राज्य सरकारच्या आणि जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांकडूनही येतात, त्यांच्यासाठी दोन शब्द. राज्य कर्मचाऱ्यांना महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ लागू आहेत; मोठ्या शिक्षेसाठी नियम ८, किरकोळ शिक्षेसाठी नियम १०. त्यांचं दार महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं. जिल्हा परिषदेला १९६४ चे स्वतंत्र नियम आहेत, तिथले कर्मचारी या न्यायाधिकरणात जात नाहीत. खासगी शाळेतल्यांना कामावरून कमी केलं तर शाळा न्यायाधिकरणात ३० दिवसांत अपील करावं लागतं, आणि ती मुदत फार लवकर उलटते. नियमांचे आकडे वेगळे असले तरी पहिला प्रश्न सगळ्यांचा एकच : हातात आलेला कागद खुलासा मागतो, की आरोप ठेवतो?

राहिलं घर. तुम्ही लिहिता, ‘आण्णांनी दूध संस्थेत पेढे वाटलेत, त्यांना कुठल्या तोंडाने सांगू?’ पेढे वाटले ते तुम्ही लागलात तेव्हाचे, आणि लागलात ते स्वतःच्या अभ्यासावर. ते खोटं झालेलं नाही. ‘ऑर्डर मुंबईहून यायची आहे’ हे मात्र रोज थोडं थोडं खोटं होत चाललं आहे. आण्णांना आधी सांगा, एकट्याला, गोठ्यात धारा काढताना सांगितलंत तरी चालेल. शेतकऱ्याच्या माणसाला मोजमाप न करता सही करणं म्हणजे काय हे समजावून सांगावं लागत नाही. ऊस काट्यावर घालणाऱ्या प्रत्येकाला ते ठाऊक असतं.

आणि मुलीकडे सुपारी फुटायच्या आधी सांगा, नंतर नको. मध्यस्थामार्फत नको, शक्य असेल तर मुलीला स्वतः. असं सांगा : पगार चालू आहे, नोकरी चालू आहे, कायम झाल्याचा आदेश थांबला आहे, कारण एका साठ्याच्या कमतरतेची चौकशी चालू आहे, मी चार्ज न मोजता घेतला ही माझी चूक, वस्तू मी घेतल्या नाहीत. पाच वाक्यं आहेत. ऐकून त्यांनी नकार दिला तर दुःख होईल, ते मी कमी लेखत नाही. पण लग्नानंतर तिला हे तुमच्या एखाद्या सहकाऱ्याच्या बायकोकडून कळलं, तर ती जन्मभर तुमच्या प्रत्येक वाक्याची पडताळणी करत राहील.

कागदपत्रांची तपासणी करायला बोलावतील तेव्हा एक कोरी वही घेऊन जा. प्रत्येक नोंदवहीचं नाव, पान क्रमांक, खाडाखोड कुठे आहे, सही कुणाची आहे, सगळं तिथेच बसून उतरवा. घाई करू नका, आणि या खेपेला कुणी कितीही थांबलं असलं तरी मोजल्याशिवाय सही करू नका. जुने पडताळणी अहवाल सापडले का ते मला नक्की कळवा. मी वाट बघते आहे.